अपील करणारा पंच होतो तेव्हा

१९९९ च्या विश्वचषकातला ऑस्ट्रेलिया आणि दक्षिण आफ्रिका यांचा उपांत्य सामना म्हटलं की सगळ्यांना शेवटची धाव आठवते. क्लूझनर धावत सुटला, डोनाल्डच्या हातातून बॅट पडली, तो धावबाद झाला, सामना बरोबरीत संपला आणि ऑस्ट्रेलियाचा संघ अंतिम फेरीत गेला. त्याच्या थोडंच आधी घडलेली एक गोष्ट मात्र आता फारशी कुणी काढत नाही. मॅकग्राच्या चेंडूवर क्लूझनरने लाँगऑनकडे फटका हाणला. तिथे सीमारेषेवर पॉल रायफल उभा होता. चेंडू त्याच्या हातात आला आणि हातांना लागून दोरीपलीकडे गेला. बळी मिळाला नाहीच, वर सहा धावा गेल्या.

त्या दिवशी एजबॅस्टनवर पंच होते डेव्हिड शेफर्ड आणि आपले एस. वेंकटराघवन. शेफर्ड हे १९६५ ते १९७९ या काळात ग्लुस्टरशायरकडून खेळलेले फलंदाज. वेंकट भारताचे ऑफस्पिनर, ५७ कसोट्यांत १५६ बळी घेतलेले. आणि ज्याच्या हातून तो झेल निसटला तो रायफल पुढे स्वतःच पंच झाला, २०१३ मध्ये आयसीसीच्या एलिट पॅनेलवर आला.

खेळाडू निवृत्त झाला की समालोचक होतो, प्रशिक्षक होतो, निवड समितीवर जातो. पंच झाला तर मात्र लोकांना थोडं नवल वाटतं आणि लगेच असंही वाटतं की त्याला त्यात अवघड काय असणार? इतकी वर्षं खेळलाय, बाद आहे की नाही एवढं त्याला कळणारच. या समजाशी माझं भांडण आहे. खेळलेल्या माणसाला पंचगिरीत काही गोष्टी आयत्या मिळतात हे खरं, पण खेळताना अंगात मुरलेल्या काही सवयी त्याला घासून काढाव्या लागतात. हे दुसरं काम पहिल्यापेक्षा कठीण आहे आणि त्यात भले भले कमी पडतात.

एका चेंडूचं उदाहरण घेऊ. वेगवान गोलंदाज ताशी १४० किलोमीटर वेगाने चेंडू टाकतो. हातातून सुटलेला चेंडू फलंदाजापर्यंत पोचायला साधारण अर्धा सेकंद लागतो. गोलंदाजाच्या टोकाला उभ्या असलेल्या पंचाने आधी त्याचा पुढचा पाय क्रीजच्या आत पडला का ते पाहायचं आणि तिथून नजर उचलून समोरच्या टोकाला न्यायची. आता मोठ्या सामन्यांत पुढच्या पायाचा नो-बॉल तिसरा पंच पडद्यावर पाहतो, पण खालच्या स्तरावरच्या हजारो सामन्यांत हे काम अजून मैदानावरच्या पंचाचंच आहे. नजर वर येईतो चेंडू निम्मं अंतर कापून गेलेला असतो. मग तो कुठे टप्पा पडला, लेग स्टंपच्या बाहेर तर नाही ना, पॅडवर कुठे आदळला, त्याआधी बॅटची कड लागली का, पाय किती पुढे आला होता आणि पाय मधे नसता तर चेंडू यष्टींवर गेला असता का, एवढं सगळं मनात जुळवायचं. यष्टींची उंची ७१.१ सेंटिमीटर, तिन्ही मिळून रुंदी २२.८६ सेंटिमीटर. चेंडू वळणारा असेल, उसळणारा असेल, तरी त्याचा पुढचा मार्ग डोक्यातच काढायचा.

कडेचा आवाज आणखी फसवा. पंच आणि फलंदाज यांच्यातलं अंतर आवाजाला कापायला सेकंदाचा सुमारे विसावा भाग लागतो. म्हणजे डोळ्याने दिसलेलं आणि कानाने ऐकलेलं एकाच क्षणी पोचत नाही. बॅट पॅडला घासली, जमिनीला टेकली किंवा चेंडू बॅटची कड घेऊन गेला, तिन्हींचा आवाज जवळपास सारखाच. स्टेडियममध्ये चाळीस हजार माणसं ओरडत असतील तर कान निकामीच. मग चेंडूची दिशा किंचित बदलली का, यष्टिरक्षकाचे हात अपेक्षेपेक्षा कुठे गेले, अशा खुणांवर निर्णय येतो.

या जागी खेळलेल्या माणसाचा फायदा होतो. ऑफस्पिनरला ठाऊक असतं की यष्टींच्या जवळून टाकलेला चेंडू आणि क्रीजच्या टोकावरून टाकलेला चेंडू वेगळ्या कोनातून आत येतात. कोणत्या खेळपट्टीवर तिसऱ्या दिवशी चेंडू खाली राहतो, कोणता गोलंदाज केव्हा वेग कमी करतो, हे त्याच्या हातांना आठवतं. पण याच माणसाची नजर वर्षानुवर्षं चुकीच्या जागेवरून तयार झालेली असते. चेंडू टाकल्यावर गोलंदाज पुढे झेपावतो आणि खेळपट्टीवरून बाजूला सरतो. तिथून पाहिलं तर लेगकडे निघालेला चेंडूही सरळ यष्टींवर जाताना दिसतो. प्रत्येक गोलंदाज अपील मनापासून करतो ते त्यामुळेच. तो खोटं बोलत नसतो, त्याला तसंच दिसलेलं असतं. यष्टिरक्षक आणि स्लिपमधले क्षेत्ररक्षक यांचीही तीच गत. पंच मधल्या यष्टीच्या रेषेत, यष्टींच्या मागे निश्चल उभा असतो. संपूर्ण मैदानात पायचीतचा न्याय करायला योग्य अशी ती एकच जागा आहे. तिथे उभं राहिल्यावर वीस वर्षांची गोलंदाजाची नजर बाजूला ठेवता आली पाहिजे.

आणि नजरेइतकीच इच्छाही. खेळाडूला प्रत्येक चेंडूवर काहीतरी हवं असतं. गोलंदाजाला बळी हवा असतो, फलंदाजाला धाव. पंचाला काहीही नको असणं ही त्याच्या कामाची पहिली अट आहे. एकाग्रतेचा हिशेबही वेगळा आहे. फलंदाज बाद झाला की तंबूत जाऊन बसतो, गोलंदाज षटक संपलं की फाइनलेगला जाऊन श्वास घेतो. कसोटीच्या पूर्ण दिवसात ९० षटकं, म्हणजे ५४० चेंडू होतात. त्यातले निम्मे गोलंदाजाच्या टोकाहून आणि निम्मे स्क्वेअर लेगवरून, पंचाला सगळेच पाहावे लागतात. शेवटच्या तासात, पाय भरून आलेले असताना, बॅट-पॅडचं अपील होतं आणि दिवसभरातल्या बरोबर निर्णयांची आठवण कुणालाच नसते.

वेंकटराघवन यांच्याबद्दल मला विशेष आदर वाटतो तो याच कारणाने. हा माणूस बेदी, प्रसन्ना, चंद्रशेखर यांच्याबरोबरच्या चौकडीतला. १९६५ मध्ये न्यूझीलंडविरुद्ध मद्रासला कसोटीत आला आणि त्याच मालिकेत दिल्लीला एका डावात ७२ धावांत ८ बळी घेऊन गेला. शिक्षणाने इंजिनिअर. १९७१ साली वेस्ट इंडीज आणि इंग्लंड या दोन्ही दौऱ्यांवर अजित वाडेकरांचा उपकर्णधार तोच होता. १९७५ आणि १९७९ या दोन्ही विश्वचषकांत भारताचं नेतृत्व त्याने केलं. मानहानीही वाट्याला आली. १९७४-७५ च्या मालिकेत वेस्ट इंडीजविरुद्ध दिल्लीच्या कसोटीत तो कर्णधार होता आणि पुढच्याच कसोटीत त्याला अकरा जणांत जागा मिळाली नाही. इंग्लिश कौंटीत डर्बीशायरकडून तीन हंगाम खेळला. शेवटची कसोटी १९८३ मध्ये, जालंधरला.

एवढं सगळं करून झालेल्या माणसाने पुन्हा विद्यार्थी व्हायचं, नियमांचं पुस्तक उघडायचं आणि ज्यांच्यासमोर आपण अपील केलं त्यांच्या रांगेत जाऊन उभं राहायचं, याला मोठं मन लागतं. जानेवारी १९९३ मध्ये, वयाच्या ४७ व्या वर्षी, वेंकट पहिल्यांदा कसोटीत पंच म्हणून उभे राहिले. इंग्लंडविरुद्धची ती कलकत्त्याची कसोटी, ज्यात अझरुद्दीनने १८२ धावा केल्या. त्यानंतर अकरा वर्षं ते उभे होते. २००४ मध्ये थांबले तेव्हा पंच म्हणून ७३ कसोट्या त्यांच्या नावावर होत्या. खेळाडू म्हणून खेळलेल्या कसोट्यांपेक्षा सोळा जास्त. २००२ मध्ये आयसीसीने पहिलं एलिट पॅनेल नेमलं तेव्हा त्यात भारताचं एकच नाव होतं आणि ते त्यांचं होतं. त्यांच्यानंतर त्या पॅनेलवर पोचलेले भारतीय दोनच, २०१५ मध्ये सुंदरम रवी आणि २०२० मध्ये नितीन मेनन. भारताच्या कसोटी संघात एकेकाळी नाव गाजवलेला दुसरा कुणी त्या उंचीवर पोचलेला नाही.

इंग्लंडमध्ये हे चित्र अगदी उलटं आहे आणि त्याची कारणं समजून घेण्यासारखी आहेत. तिथे कौंटी क्रिकेट हा शंभराहून जास्त वर्षं पोटापाण्याचा व्यवसाय होता. व्यावसायिक खेळाडू पस्तिशीला आला की करार संपायचा. हातात दुसरं कौशल्य नसायचं. अशा माणसाला उन्हाळाभर पगार देणारी आणि मैदानावरच ठेवणारी एक जागा होती, ती म्हणजे प्रथम श्रेणी पंचांची यादी. त्यामुळे पिढ्यानुपिढ्या तिथले पंच हे कौंटीत घाम गाळलेले लोक राहिले. ते चेंडूला ओळखत होते, खेळाडूंना नावानिशी ओळखत होते आणि खेळाडूही त्यांना ओळखत होते. कुरकुर कमी व्हायची ती या ओळखीमुळे.

फ्रँक चेस्टरची गोष्ट या परंपरेत सर्वांत वेगळी. वुस्टरशायरचा हा अष्टपैलू मुलगा विशीच्या आतच शतकं काढत होता, पुढे इंग्लंडकडून खेळेल अशी सगळ्यांना खात्री होती. पहिल्या महायुद्धात सालोनिकाच्या आघाडीवर त्याचा उजवा हात कोपराखाली गेला. खेळणं संपलं. १९२२ मध्ये, सत्तावीस वर्षांचा असताना, तो प्रथम श्रेणी पंच झाला. इतका तरुण पंच तेव्हा कुणी पाहिला नव्हता, कारण पंच म्हणजे निवृत्त, पिकलेल्या केसांचा माणूस अशीच समजूत होती. चेस्टर १९५५ पर्यंत उभा राहिला, ४८ कसोट्यांत पंच होता. आपण पाहिलेला सर्वोत्तम पंच म्हणून डॉन ब्रॅडमननी त्याचंच नाव घेतलं आहे. पंच चेंडू पडायच्या क्षणी वाकून, बारकाईने पाहतो, निर्णय ठामपणे आणि वेळेवर देतो, ही जी पद्धत आज आपल्याला स्वाभाविक वाटते तिच्यावर चेस्टरची छाप आहे.

डिकी बर्ड हे नाव आपल्याकडे जास्त ओळखीचं. यॉर्कशायरचा हा फलंदाज १९५९ मध्ये ग्लॅमॉर्गनविरुद्ध नाबाद १८१ धावा काढून आला आणि पुढच्या सामन्यात संघाबाहेर बसला, कारण नेहमीचा खेळाडू कसोटी खेळून परतला होता. पुढे लेस्टरशायरला गेला, तिथेही फारसं जमलं नाही. ९३ प्रथम श्रेणी सामने आणि वीसच्या आसपासची सरासरी, एवढाच त्याचा खेळाडू म्हणून हिशेब. पंच म्हणून मात्र ६६ कसोट्या आणि पहिल्या तीन विश्वचषकांचे अंतिम सामने. १९८३ मध्ये लॉर्ड्सवर कपिलदेवच्या संघाने वेस्ट इंडीजला हरवलं तेव्हा मैदानावर बर्ड होते. त्यांची शेवटची कसोटी जून १९९६ ची, लॉर्ड्सवरच, भारताविरुद्ध, ज्यात गांगुली आणि द्रविड पदार्पण करत होते. खेळाडूंनी दोन रांगा करून त्यांना मानवंदना दिली, बर्ड यांचे डोळे भरून आले. आणि पहिल्याच षटकात त्यांनी इंग्लंडच्या कर्णधाराला, मायकल आथर्टनला, श्रीनाथच्या चेंडूवर पायचीत दिलं. डोळ्यांत पाणी होतं, नजर जागेवर होती.

तटस्थ पंचांची पद्धत रुजली तीही या व्यावसायिक पंचांच्या जोरावर. १९८६ मध्ये पाकिस्तान-वेस्ट इंडीज लाहोर कसोटीसाठी भारतातून व्ही. के. रामस्वामी आणि मुंबईचे पिलू रिपोर्टर यांना बोलावलं गेलं, ही सुरुवात. मग १९८९ ची पाकिस्तानातली मालिका आली. कराचीत सोळा वर्षांचा सचिन तेंडुलकर पहिल्यांदा कसोटीत उतरला, ती. वकार, वसिम, इम्रान यांचा मारा, दोन शेजाऱ्यांमधली तापलेली मालिका, आणि पंच होते जॉन हॅम्पशायर आणि जॉन होल्डर हे दोन इंग्लिश. हॅम्पशायर यॉर्कशायरचे फलंदाज, १९६९ मध्ये कसोटी पदार्पणातच लॉर्ड्सवर १०७ धावा केलेले. होल्डर वेगवान गोलंदाज, कौंटीत खेळलेले. चारही कसोट्या अनिर्णित राहिल्या आणि पंचगिरीवरून ओरड झाली नाही. भारत-पाकिस्तान मालिकेबद्दल असं म्हणता येणं त्या काळात दुर्मीळ होतं. १९९२ ते २००२ या दहा वर्षांत आधी एक आणि मग दोन्ही पंच तटस्थ असा नियम झाला, त्याच्या मागे हा अनुभव होता.

आता नियमांकडे येतो, कारण खेळलेले लोक सर्वांत जास्त तिथेच अडखळतात. खेळाडूला नियम प्रसंगापुरते माहीत असतात. आपल्याला लागतात तेवढे, आपल्या बाजूने लागतात तेवढे. एमसीसीचे ४२ नियम आणि त्यांची पोटकलमं वाचून काढलेला खेळाडू क्वचितच सापडतो. २०२२ मध्ये बीसीसीआयने महिला आणि कनिष्ठ गटांच्या सामन्यांसाठी पंचांची परीक्षा घेतली. २०० गुणांची. त्यात १०० लेखी, तोंडी आणि व्हिडिओ यांना प्रत्येकी ३५, शारीरिक क्षमतेला ३०. उत्तीर्ण व्हायला ९० गुण पुरेसे होते. बसलेल्या सुमारे १४० जणांपैकी तिघं उत्तीर्ण झाले.

त्या परीक्षेत असा एक प्रश्न होता: पॅव्हिलियनची, झाडाची किंवा क्षेत्ररक्षकाची सावली खेळपट्टीवर पडते आणि फलंदाज तक्रार करतो, तुम्ही काय कराल? पॅव्हिलियनच्या आणि झाडाच्या सावलीकडे दुर्लक्ष करायचं. क्षेत्ररक्षकाला मात्र हलू नकोस असं सांगायचं, तरी तो हलला तर चेंडू मृत ठरवायचा. विचार करा, ज्याने दहा वर्षं सिली पॉइंटला क्षेत्ररक्षण केलं त्याची सावली रोज संध्याकाळी खेळपट्टीवर पडत होती. हा प्रश्न त्याच्या मनात कधी आला असेल? दुसरा प्रश्न गोलंदाजाच्या बोटाचा. बोटाला खरोखर जखम आहे, पट्टी काढली तर रक्त येईल, हे तुम्हालाही पटलं आहे. तरी पट्टी काढायला सांगाल का? खेळाडूचं मन म्हणतं, बिचाऱ्याला टाकू दे. उत्तर असं की गोलंदाजी करायची असेल तर पट्टी काढावीच लागेल.

सहानुभूती आणि नियम यांची ही ओढाताण ६ नोव्हेंबर २०२३ ला दिल्लीत साऱ्या जगाने पाहिली. श्रीलंकेचा अँजेलो मॅथ्यूज फलंदाजीला आला, चेंडू खेळायच्या आधीच हेल्मेटचा पट्टा तुटला, दुसरं हेल्मेट येईपर्यंत ठरलेली दोन मिनिटं उलटली होती. बांगलादेशचा कर्णधार शाकिबने अपील केलं. पंच होते मराय एरास्मस आणि रिचर्ड इलिंगवर्थ. एरास्मस दक्षिण आफ्रिकेत बोलंडकडून खेळलेले अष्टपैलू. इलिंगवर्थ इंग्लंडचे डावखुरे फिरकीपटू, १९९२ च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात खेळलेले, कसोटीतल्या आपल्या पहिल्याच चेंडूवर बळी घेतलेले. हेल्मेटचा पट्टा तुटणं म्हणजे काय हे दोघांना सांगायची गरज नव्हती. त्यांनी शाकिबला विचारलं, अपील मागे घेतोस का. तो नाही म्हणाला. मॅथ्यूज बाद. आंतरराष्ट्रीय क्रिकेटमध्ये अशा प्रकारे बाद झालेला तो पहिला फलंदाज. त्या निर्णयावर बरीच टीका झाली, पण माझ्या मते पंचांपुढे दुसरा मार्गच नव्हता. अपील झालं की पंचाला नियमाप्रमाणे उत्तर द्यावं लागतं. खिलाडूवृत्ती दाखवायची होती तर ती संधी कर्णधाराकडे होती.

दुसऱ्या बाजूची गोष्ट कुमार धर्मसेनाची. श्रीलंकेचा हा ऑफस्पिनर १९९६ चा विश्वचषक जिंकणाऱ्या संघात होता. १७ मार्च १९९६ ला लाहोरच्या अंतिम सामन्यात समोर ऑस्ट्रेलियाकडून रायफलही खेळत होता. २०१५ मध्ये मेलबर्नला धर्मसेना अंतिम सामन्यात पंच म्हणून उभा राहिला. विश्वचषकाचा अंतिम सामना खेळलेला आणि अंतिम सामन्यात पंच झालेला तो पहिलाच माणूस. आयसीसीचा सर्वोत्तम पंचाचा पुरस्कार त्याला दोनदा मिळाला. पण लोकांच्या लक्षात राहिला तो १४ जुलै २०१९ चा, लॉर्ड्सवरच्या इंग्लंड-न्यूझीलंड विश्वचषक अंतिम सामन्यातला एक इशारा. इंग्लंडला तीन चेंडूंत नऊ धावा हव्या होत्या. स्टोक्सने चेंडू मिडविकेटकडे मारला, दुसऱ्या धावेसाठी झेप घेतली, गप्टिलची फेक त्याच्या बॅटला लागून सीमारेषेपार गेली. धर्मसेनाने सहकारी पंचाशी बोलून सहा धावा दिल्या.

नियम असा आहे की ओव्हरथ्रोच्या चौकाराबरोबर पूर्ण झालेल्या धावा मिळतात आणि चालू असलेली धाव तेव्हाच मिळते, जेव्हा फेक हातातून सुटण्याच्या क्षणी दोन्ही फलंदाजांनी एकमेकांना ओलांडलेलं असतं. गप्टिलने फेकलं तेव्हा स्टोक्स आणि रशीद यांनी दुसऱ्या धावेसाठी एकमेकांना ओलांडलं नव्हतं. म्हणजे पाच धावा आणि पुढच्या चेंडूला समोर रशीद. सामना बरोबरीत गेला, सुपर ओव्हरही बरोबरीत गेली आणि चौकारांच्या मोजणीवर इंग्लंड जिंकलं. टीव्हीवर पाहिल्यावर चूक दिसते, हे धर्मसेनाने नंतर उघडपणे मान्य केलं. इथे मला न्याय करावासा वाटतो. त्या क्षणी चेंडू एका बाजूला सत्तर यार्डांवर, फलंदाज दुसरीकडे, आणि ‘फेकलं तेव्हा कोण कुठे होतं’ हे दोघा पंचांनी एकाच वेळी दोन ठिकाणी पाहून ठेवायचं. दीडशेच्या आसपास एकदिवसीय सामने खेळण्याचा अनुभव इथे कामी येत नाही. इथे पंचाची अशी सवय लागते की फेक सुटायच्या क्षणी मान वळवून धावपट्टीकडे एक नजर टाकायची. ती सवय खेळाडूला कुणी कधी लावत नाही, कारण खेळाडू चेंडूचा पाठलाग करतो.

शरीराचा धोकाही असतो, तो प्रेक्षकांना जाणवत नाही. डिसेंबर २०१६ मध्ये वानखेडेवर भारत-इंग्लंड कसोटीत रायफल स्क्वेअर लेगला उभा असताना भुवनेश्वर कुमारची फेक त्याच्या डोक्याला लागली. तो मैदानाबाहेर गेला आणि तिसऱ्या पंचाच्या खोलीतून एरास्मस त्याच्या जागी आला. आणि आता डीआरएस आल्यापासून चूक झाली तर ती मोठ्या पडद्यावर, सावकाश, तीन कोनांतून सगळ्यांना दिसते आणि पंचाला स्वतःच्या हाताने आपला निर्णय बदलल्याची खूण करावी लागते. वीस वर्षं नावाजलेल्या खेळाडूला हे पचवणं सोपं नाही. पाकिस्तानचे अलीम दार २०११ च्या विश्वचषकात ज्या परीक्षेतून गेले ती आठवते. त्यांच्या १५ निर्णयांना आव्हान दिलं गेलं आणि पंधराही बरोबर ठरले. दार स्वतः प्रथम श्रेणीत १७ च सामने खेळले होते.

दार यांचं उदाहरण मुद्दाम घेतलं. ऑस्ट्रेलियाचा सायमन टॉफल तर प्रथम श्रेणीचा एकही सामना खेळला नाही. पाठीच्या दुखण्याने क्लब क्रिकेट सुटलं, पंच झाला, आणि २००४ ते २००८ सलग पाच वर्षं आयसीसीचा सर्वोत्तम पंच ठरला. इंदूरचे नितीन मेनन मध्य प्रदेशकडून दोन लिस्ट ए सामने खेळले, वडील नरेंद्र मेनन आंतरराष्ट्रीय पंच होते, मुलाने २२ व्या वर्षी स्पर्धात्मक खेळ सोडला आणि पूर्ण लक्ष इकडे दिलं. वयाच्या ३६ व्या वर्षी तो एलिट पॅनेलवर होता. इंग्लंडच्या मायकल गॉफने डरहॅमची सलामीवीराची जागा पंचविशीच्या आतच सोडली होती. या लोकांकडे पाहिलं की कळतं, मोठा खेळाडू असणं ही या कामाची पात्रता नाही. लवकर सुरुवात करणं आणि खालच्या स्तरावर हजारो चेंडू उभ्याने पाहणं जास्त मोलाचं आहे.

मग खेळाडूंनी यावं का? यावं, आणि जरूर यावं. पण कसोटीपटूंची वाट पाहत बसू नये. त्यांच्यासाठी समालोचनाची, प्रशिक्षणाची दारं उघडी आहेत आणि तिथला पैसा जास्त आहे. खरा खजिना रणजीत पाच-सात हंगाम खेळून थांबलेल्यांमध्ये आहे. केरळचे के. एन. अनंतपद्मनाभन शंभरावर प्रथम श्रेणी सामने खेळले, तीनशेहून जास्त बळी घेतले, पण कुंबळेच्या काळातले लेगस्पिनर असल्याने भारताची टोपी मिळाली नाही. ते पंच झाले आणि २०२० मध्ये आयसीसीच्या आंतरराष्ट्रीय पॅनेलवर आले. २००८ च्या १९ वर्षांखालील विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात भारताकडून सर्वाधिक ४६ धावा करणारा तन्मय श्रीवास्तव २०२५ मध्ये आयपीएलमध्ये पंच म्हणून उभा राहिला, ज्या स्पर्धेत तो आधी खेळला होता. मुलीही मागे नाहीत. मुंबई विद्यापीठाकडून खेळलेल्या, नवी मुंबईच्या वृंदा राठी यांनी जानेवारी २०२३ मध्ये गोव्यातल्या पर्वरीत रणजी सामन्यात पंचगिरी केली. त्या हंगामात जननी नारायणन आणि गायत्री वेणुगोपालन यांच्यासह रणजीत उभ्या राहिलेल्या पहिल्या तीन महिला पंचांपैकी त्या एक.

पैशाचं गणितही पूर्वीसारखं राहिलेलं नाही. एकेकाळी आपल्याकडचा पंच बँकेतून किंवा सरकारी खात्यातून रजा काढून उभा राहायचा. २०२२ मध्ये बीसीसीआयने पंचांच्या श्रेणी ठरवल्या तेव्हा वरच्या दोन श्रेणींना देशांतर्गत सामन्याच्या दिवसाला ४० हजार रुपये आणि त्याखालच्यांना ३० हजार असे दर ठरले. रणजीच्या चार दिवसांचा हिशेब कुणीही करू शकेल. अडचण आहे ती मधल्या वर्षांची. राज्य संघटनेची परीक्षा, मग क्लबचे, शाळांचे, वयोगटांचे सामने, मग मंडळाच्या परीक्षा. या काळात मानधन तुटपुंजं आणि उभं राहणं दिवसभराचं. तीस-बत्तीस वर्षांचा, घरसंसार असलेला माजी रणजीपटू इथेच मागे फिरतो. कौंटीने जे केलं ते आपल्या राज्य संघटनांना सहज शक्य आहे. अशा निवडक माजी खेळाडूंना तीन-चार वर्षं नियमित वेतन द्यावं, एखाद्या अनुभवी पंचाच्या हाताखाली ठेवावं आणि परीक्षेत मात्र कसलीही सवलत देऊ नये.

मुंबईत पावसाळ्यात कांगा लीग चालते. आझाद मैदानावर, क्रॉस मैदानावर, शिवाजी पार्कात पंचांशिवाय एकही सामना होत नाही. पुण्यात, नागपुरात, कोल्हापुरात, पणजीतही हीच स्थिती आहे. तुमच्या ओळखीत असा एखादा खेळाडू असेल ज्याचं खेळणं थांबलं आहे, पण संध्याकाळी पाय अजून मैदानाकडेच वळतात, तर त्याला आपल्या जिल्हा किंवा राज्य संघटनेकडे पंच परीक्षेची चौकशी करायला सांगा. आणि पुस्तक आधी वाचून जायला सांगा, सगळेच्या सगळे ४२ नियम.